दळतो कोण, पीठ कोणाचे?

जुलै २०२५ मध्ये केंद्र सरकारच्या प्रसिद्धी खात्याने देशाला एक शुभवर्तमान ऐकविले. जगात ज्या देशांत विषमता कमीत कमी आहे, अशा देशांत भारताचा क्रमांक चौथा लागतो, असे ते शुभवर्तमान होते. आधाराला जागतिक बँकेचा आकडा होता. ज्या मोजपट्टीवर सर्वांना सारखे मिळाल्यास शून्य आणि सर्व काही एकाच्याच पदरात पडल्यास शंभर असा अंक येतो, त्या जिनी नावाच्या मोजपट्टीवर भारताचा अंक २५.५ इतका खाली आहे, असे सांगण्यात आले. खासबाग-वडगावात यंत्रमागावर साड्या विणणारा विणकर, निपाणीत विड्या वळणारी बाई, उद्यमबागेतील फौंड्रीत भट्टीपुढे उभा राहणारा कामगार आणि उसाच्या फडात थंडीच्या पहाटे कोयता चालविणारे जोडपे यांच्या कानांवर ते शुभवर्तमान गेले असेल, तर आपण नेमके कोणत्या देशात राहतो, असा प्रश्न त्यांना पडल्यावाचून राहिला नसेल.

आकडा खोटा नाही. खोटा आहे तो त्याचा उपयोग. हा आकडा खर्चाचा आहे. मिळकतीचा नव्हे, आणि दौलतीचा तर मुळीच नव्हे. पाहणी करणारा सरकारी कारकून दारोदार जाऊन, महिन्याला धान्य किती आणले, तेल किती आणले, कापड किती घेतले, असे विचारतो. विड्या वळणारी बाई मिळवते तेवढे सारे खाण्यापिण्यात संपविते. तिचा खर्च हीच तिची मिळकत. कारखानदार शंभरपट मिळवितो म्हणून शंभर भाकरी खात नाही. पोटाला मर्यादा आहे, तिजोरीला नाही. म्हणून भाकरी मोजणाऱ्या पाहणीत दोघांतील अंतर लहान दिसते आणि तिजोरी मोजू गेल्यास तेच अंतर डोळे फिरवील इतके मोठे होते. शिवाय ज्यांच्या फाटकावर पहारेकरी उभा असतो, त्यांच्या घरी हा कारकून पोहोचतो किती वेळा, हाही विचारण्याजोगा प्रश्न आहे. आणि कळस असा की, आपला खर्चाचा आकडा इतर अनेक देशांच्या मिळकतीच्या आकड्यांशेजारी ठेवून हा चौथा क्रमांक काढण्यात आला. एकाने शेर वापरावा, दुसऱ्याने गज वापरावा आणि तिसऱ्याने निकाल द्यावा, अशातला हा प्रकार झाला.

जागतिक बँकेच्या ज्या टिपणातून २५.५ हा आकडा उचलला, त्याच टिपणात आणखी एक वाक्य होते. मिळकतीच्या मोजणीप्रमाणे भारताचा जिनी अंक २००४ साली ५२ होता, तो २०२३ साली ६२ झाला, असे ते सांगत होते. हे वाक्य प्रसिद्धी खात्याच्या नजरेतून सुटले! जागतिक विषमतेचा अभ्यास करणाऱ्या पॅरिसच्या संस्थेने मार्च २०२४ मध्ये जो निबंध प्रसिद्ध केला, त्याच्या अंदाजाप्रमाणे २०२२-२३ साली देशातील वरच्या एक टक्का लोकांकडे राष्ट्रीय मिळकतीचा २२.६ टक्के आणि राष्ट्रीय दौलतीचा ४०.१ टक्के वाटा होता, तर खालच्या निम्म्या लोकसंख्येला मिळून मिळकतीचा अवघा १५ टक्के वाटा मिळाला. मिळकतीच्या या मोजणीची मालिका १९२२ सालापासूनची आहे. म्हणजे तिच्यात इंग्रजांचे राज्य आहे, संस्थानिक आहेत, जहागीरदार आहेत. त्या काळातही वरच्या एका टक्क्याचा वाटा इतका वर गेला नव्हता. या अंदाजांच्या रीतीविषयी अर्थशास्त्रज्ञांत वाद आहेत, हे आम्हांस ठाऊक आहे. पण वाद मिटविण्याचा मार्ग सरकारच्याच हाती आहे. त्याने दौलतीची मोजदाद करावी आणि ती चव्हाट्यावर मांडावी. ती का होत नाही, हे पुढे येईलच.

रास खळ्यावर मोजतात

यावर ठरलेले उत्तर असे की, अगोदर संपत्ती वाढू द्या, मग वाटणीचे पाहू. दारिद्र्याची वाटणी करून काय मिळणार? हे उत्तर ऐकायला समंजस वाटते. म्हणूनच ते पंच्याहत्तर वर्षे टिकले. पण ज्याने आयुष्यात एकदा तरी खळे पाहिले आहे, त्याला ते पटणार नाही. खळ्यावर रास पडली की बलुतेदारांचे माप तेथेच, त्याच वेळी घातले जाई. ती पद्धत जातीच्या बेड्यांनी जखडलेली होती, तिचे गोडवे आम्ही गाणार नाही. पण धान्य एकदा कणगीत शिरले की बाहेर काढणे कठीण, हे व्यवहारज्ञान तिला होते. वाटणी ही पिकानंतरची दया नव्हे. ती पिकाचाच एक भाग आहे.

आणि ही शंका काही आजची नव्हे. पहिल्या दोन पंचवार्षिक योजनांत राष्ट्रीय उत्पन्न वाढले, पण ते गेले कोठे, असा प्रश्न खुद्द पंडित नेहरूंच्या सरकारला पडला. १९६० साली महालनोबिस यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली आणि आर्थिक सत्ता मूठभर घराण्यांच्या हाती एकवटत असल्याचे तिने १९६४ च्या अहवालात नोंदविले. त्यालाही साठ वर्षे उलटून गेली. ‘अगोदर वाढ, मग वाटणी’ या वचनातील ‘मग’ कधी येणार, हे विचारण्याचा अधिकार आता तिसऱ्या पिढीलाही प्राप्त झाला आहे.

अगदी अलीकडचा दाखला हवा असेल, तर तो आमच्या नव्हे, सरकारच्याच तोंडून घ्यावा. २०२३-२४ च्या आर्थिक पाहणीत तेहेतीस हजारांहून अधिक कंपन्यांच्या हिशेबांच्या आधारे असे नमूद केले आहे की, २०१९-२० ते २०२२-२३ या तीन वर्षांत त्यांचा करपूर्व नफा जवळजवळ चौपट झाला. नोकरभरती आणि वेतन यांची वाढ मात्र त्याच्या जवळपासही पोहोचली नाही. हीच ती तीन वर्षे, जेव्हा करोनाच्या साथीत मजुरांचे तांडे डोक्यावर बोचकी घेऊन पायी गावाकडे चालले होते. सप्टेंबर २०१९ मध्ये कंपन्यांचा कर तीस टक्क्यांवरून बावीस टक्क्यांवर आणि नव्या कारखान्यांसाठी पंधरा टक्क्यांवर आणण्यात आला होता. वर्षाला १ लाख ४५ हजार कोटी रुपयांचा महसूल सोडावा लागेल, असा सरकारचाच अंदाज होता. सवलत दिली ती कारखाने निघतील, हातांना काम मिळेल, या आशेवर. नफा वाढला, कामगाराचा पगार जागच्या जागी राहिला. आंधळे दळते आणि कुत्रे पीठ खाते, ही म्हण आपल्या पूर्वजांनी कोणती आर्थिक पाहणी वाचून रचली होती, कोण जाणे!

आपल्या शिवारातील हिशेब

दिल्ली-मुंबईचे आकडे कोणाला दूरचे वाटतील, म्हणून आपल्याच शिवारात येऊ.

उसाचे घ्या. १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशाप्रमाणे ऊस कारखान्याच्या काट्यावर पडल्यापासून चौदा दिवसांत शेतकऱ्याचे पैसे दिले पाहिजेत. न दिल्यास वर्षाला पंधरा टक्के व्याज दिले पाहिजे. हा कायदा आहे, विनंती नव्हे. बेळगाव जिल्ह्यातील किती ऊस उत्पादकांना असे व्याज मिळाल्याचे आठवते? शेतकऱ्याने पीककर्जाचा हप्ता चुकविला तर त्याच्या दारावर नोटीस येते. कारखान्याने शेतकऱ्याचे पैसे चुकविले तर शेतकरीच कारखान्याच्या दारात हात जोडून उभा राहतो. कायदा एक आणि त्याची धार मात्र माणूस पाहून बोथट होणारी! नोव्हेंबर २०२५ मध्ये मूडलगी तालुक्यातील गुर्लापूर फाट्यावर शेतकरी टनाला साडेतीन हजारांच्या मागणीसाठी रस्त्यावर बसले आणि तेहेतीसशेवर तडजोड झाली. ज्या दोनशेंसाठी शेतकऱ्याला रस्त्यावर बसावे लागले, त्यांचा हिशेब साखर, मळी, मद्यार्क, इथेनॉल आणि वीज या साऱ्या उत्पन्नासह लोकांपुढे कधी मांडला गेला काय?

पण या न्यायाचे टोक शेतकऱ्यापाशीच थांबत नाही, हेही तितक्याच स्पष्टपणे सांगितले पाहिजे. विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी १९५० च्या सुमारास प्रवरेच्या काठी सहकारी साखर कारखान्याचा पाया घातला, तो कारखान्याची मालकी ऊस पिकविणाऱ्याच्या हाती यावी म्हणून. संपत्तीच्या वाटणीचा तो खरा रचनात्मक मार्ग होता. कारण त्यात दान नव्हते, मालकीच वाटली गेली होती. परंतु त्या मालकीच्या यादीत ऊस तोडणाऱ्याचे नाव कधीच आले नाही. नवरा-बायको मिळून ‘एक कोयता’ मोजला जातो, मुकादमाकडून घेतलेली उचल फिटेपर्यंत फडातून पाय निघत नाही, आणि पाचटाच्या खोपटात सहा महिन्यांचा संसार होतो. जो शेतकरी कारखान्याकडे न्याय मागतो, त्याने आपल्या फडातील कोयत्यालाही तो दिला पाहिजे. स्वतःपुरता मागितलेला न्याय हा न्याय नव्हे, तो सौदा होय.

निपाणीचे घ्या. तंबाखूच्या भावासाठी १९८१ साली येथील शेतकऱ्यांनी महामार्ग अडविला आणि एप्रिलमध्ये पोलिसांच्या गोळ्या खाल्ल्या. त्या तंबाखूची विडी वळणाऱ्या हजारो बायकांसाठी १९७६ साली कल्याण निधीचा कायदा झाला होता. विड्यांवर लहानसा उपकर बसवून त्यातून दवाखाने आणि मुलांच्या शिष्यवृत्त्या चालत. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला आणि त्याच्या वावटळीत हा उपकर रद्द झाला. विडीवरील कर मात्र गेला नाही; तो २८ टक्के इतका बसला. म्हणजे सरकारी तिजोरीचा वाटा वाढला आणि जिच्या बोटांतून विडी निघते, तिच्या दवाखान्याचा हक्काचा झरा आटला. आता अंदाजपत्रकातून काय मिळेल ते तिने घ्यावे. हक्काचे रूपांतर मेहेरबानीत कसे होते, याचा याहून स्वच्छ धडा शोधूनही सापडणार नाही.

आणि जमिनीचे तर काय सांगावे? १९४८ चा मुंबई कूळकायदा बेळगाव जिल्ह्यालाही लागू होता. त्याच्या दुरुस्तीप्रमाणे १ एप्रिल १९५७ हा ‘कृषक दिन’ ठरला आणि त्या दिवशी कूळ मालक मानले गेले. पण त्याच्या अगोदर पाचच महिने, १ नोव्हेंबर १९५६ रोजी, जिल्ह्याची वाटणी झाली होती. चंदगड तालुका मुंबई राज्यात राहिला. बेळगाव-खानापूर म्हैसूर राज्यात गेले. कुळाची जमीन सरकारजमा करून ती कुळाच्याच नावावर करणारा व्यापक कायदा या बाजूस अमलात आला तो १ मार्च १९७४ रोजी. देवराज अर्स यांच्या सरकारने तो नेटाने राबविला, हे श्रेय आम्ही हातचे राखून ठेवणार नाही. पण एकाच जिल्ह्यातील, एकाच भाषेच्या, कदाचित एकाच भाऊबंदकीच्या दोन कुळांत सतरा वर्षांचे अंतर पडले. सतरा वर्षांत कित्येक कुळांकडून जमीन काढून घेता येते, खंडाच्या पावत्या नाहीशा करता येतात, म्हातारे साक्षीदार मरून जातात. सीमेची रेघ कागदावर ओढली जाते, पण तिची किंमत कुळाच्या पोटातून वसूल होते. आणि १९७४ साली जे मिळाले त्याच्या भोवतीचे कुंपणही २०२० साली मोडले. बिगरशेतकऱ्याने आणि बड्या मिळकतीच्या माणसाने शेतजमीन घेऊ नये, अशी जी कलमे कर्नाटकाच्या कायद्यात होती, ती काढून टाकण्यात आली. ‘कसेल त्याची जमीन’ येथून निघालेली वाट ‘पैसा असेल त्याची जमीन’ येथे येऊन पोहोचली.

येथे एक कटू सत्य आपल्याच माणसांना सांगणे प्राप्त आहे. ऊस थकविणारा, मजुरी मारणारा, व्याजाने रक्त शोषणारा माणूस केवळ दुसऱ्या भाषेचाच असतो, असे नाही. तो आपल्या भाषेत गोड बोलतो, आपल्या गणपतीला वर्गणी देतो आणि आपल्या सभेत पहिल्या रांगेत बसतो. भाषेचा हक्क मागणाऱ्यांनी भाकरीच्या हक्काकडे पाठ फिरविली, तर गरिबाने त्यांच्यामागे का यावे?

तिजोरीवरची कुलुपे कोणी काढली?

स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या दशकात या देशाने दौलतीच्या साठ्यावर तीन-चार कुलुपे बसविली होती. १९५३ साली मृत्यूनंतरच्या मालमत्तेवर कर आला. १९५६ साली कॅल्डॉर नावाच्या इंग्लंडातील अर्थशास्त्रज्ञाने अहवाल दिला आणि पाठोपाठ १९५७ साली संपत्ती कर, मग १९५८ साली देणगी कर आला. तर्क सरळ होता. मिळकत लपविली तर ती दौलतीत दिसेल, दौलत वाटून टाकली तर ती देणगीत दिसेल, आणि काही केले नाही तर मृत्यू तरी कोणाला चुकत नाही!

ही कुलुपे एकेक करून काढण्यात आली. वारसा मालमत्तेवरील कर १९८५ साली गेला, देणगी कर १९९८ साली गेला, संपत्ती कर २०१५ साली गेला. कारण प्रत्येक वेळी एकच: उत्पन्न थोडे, खटाटोप फार. वारसा कराचे उत्पन्न वर्षाला वीस कोटींच्या आसपास होते. संपत्ती कराचे २०१३-१४ साली १,००८ कोटी होते. आकडे खरे आहेत. पण ते इतके लहान का होते? १९९३ पासून संपत्ती करातून शेअर वगळण्यात आले होते. अब्जाधीशाची दौलत शेअरांत असते, हे काय अर्थमंत्रालयाला ठाऊक नव्हते? घर, मोटार, दागिने यांवर कर आणि कंपनीच्या मालकीवर सूट! जाळ्याची भोके एवढी मोठी करावयाची की मगर सहज बाहेर पडावी, आणि मग जाळ्यात मासळी येत नाही म्हणून जाळेच जाळून टाकावयाचे, याला कारभार म्हणावयाचे की कावा?

आणि कर गेला तेव्हा केवळ महसूल गेला नाही, मोजदाद गेली. संपत्ती कराचे विवरणपत्र होते तोवर कोणाजवळ किती आहे, याची अर्धीमुर्धी तरी नोंद सरकारदप्तरी होत असे. आता ती खिडकीही बंद झाली. म्हणूनच विषमतेचा प्रश्न निघाला की सरकार भाकऱ्या मोजून दाखविते.

दुसरीकडे वस्तूंवरील कर. जुलै २०२२ मध्ये वेष्टनबंद तांदूळ, पीठ आणि दही यांवरही पाच टक्के कर आला. सप्टेंबर २०२५ मध्ये अंगाचा साबण, दंतमंजनाची पेस्ट अशा नित्याच्या वस्तूंवरील कर अठरावरून पाच टक्क्यांवर आणण्यात आला; त्याचे आम्ही स्वागत करतो. पण आठ वर्षे मोलकरणीने आणि तिच्या मालकिणीने साबणाच्या वडीवर सारखाच कर भरला, ही गोष्ट स्वागताने पुसली जात नाही. कोटीच्या मालकाला एक रुपया आणि शंभराच्या मालकालाही एक रुपया, याला समता म्हणत नाहीत. ही वजनाच्या काट्यात केलेली लबाडी आहे.

भांडवल पळेल, ही बागुलबुवाची भीती

२०२४ च्या निवडणुकीत वारसा कराचा नुसता शब्द निघाला आणि बायकांची मंगळसूत्रे जाणार, अशी आवई उठविण्यात आली. सत्ताधारी ओरडले हे समजण्यासारखे आहे. परंतु विरोधकांनीही तत्काळ हात झटकले, हे अधिक लाजिरवाणे होते. जणू काही विडी कामगाराच्या गळ्यातील दोन वाट्यांवर कर बसविण्याची कोणी भाषा केली होती! जपानात वारसा कराचा वरचा दर ५५ टक्के आहे. इंग्लंड आणि अमेरिका येथे तो ४० टक्के आहे. हे देश साम्यवादी नाहीत. तेथील भांडवल समुद्रात बुडालेले नाही. मग जो मुलगा एका दिवसाचेही काम न करता हजार कोटींचा धनी होतो, त्याने त्यातील काही वाटा ज्या समाजाच्या रस्त्यांवर, विजेवर, न्यायालयांवर आणि घामावर ती दौलत उभी राहिली त्या समाजाला द्यावा, असे म्हटल्याने आकाश कोसळते कसे? आयत्या बिळावर बसलेल्या नागोबाने निदान बिळाचे भाडे तरी द्यावे!

भांडवल पळून जाईल म्हणतात. पैसा काही अंशी पळू शकतो, हे खरे आहे. म्हणून करचुकवेगिरीविरुद्ध राष्ट्राराष्ट्रांत करार व्हावे लागतात. पण जमीन पळत नाही. साखर कारखान्याच्या धुराड्याला पाय फुटत नाहीत. शहरालगतच्या ज्या शिवाराचा भाव रिंगरोडच्या नुसत्या बातमीने कित्येक पटींनी वाढतो, ते शिवार विमानात बसून परदेशी जात नाही. ती वाढ मालकाच्या कष्टाची नव्हे, लोकांच्या पैशाने होणाऱ्या रस्त्याची आहे. मग तिच्यातील लोकांचा वाटा कोठे आहे?

आणि अनुभवच पाहावयाचा असेल तर तो घरचाच आहे. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्राने रोजगार हमी योजना उभी केली. विधान परिषदेचे अध्यक्ष वि. स. पागे यांची ती कल्पना. १९७५ साली तिच्या खर्चासाठी व्यवसाय कर बसविण्यात आला. मुंबईच्या पगारदाराने महिन्याला काही रुपये द्यावेत आणि त्यातून माणदेशातील मजुराच्या हाताला काम मिळावे, अशी ती व्यवस्था होती. १९७७ साली तिला कायद्याचे बळ मिळाले. मजुराला काम मागण्याचा हक्क मिळाला. मुंबई ओस पडली काय? गिरण्या त्या करामुळे बंद पडल्या काय? उलट पुढे २००५ साली साऱ्या देशाने तोच धडा गिरविला. श्रीमंत भागाकडून घेऊन गरीब भागाला देता येते, भीक म्हणून नव्हे तर कामाच्या मोबदल्यात देता येते, हे सिद्ध करून दाखविणारे राज्य आपले शेजारी आणि आपले सगोत्र आहे.

दान नको, हक्क हवा

काही सज्जन म्हणतात की कायद्याने कशाला, मनाने द्यावे. मनाने देणाऱ्यांना आमचा नमस्कार आहे. विनोबांनी १९५१ साली पोचमपल्लीहून भूदानाची पदयात्रा आरंभिली, त्याहून निर्मळ प्रयत्न या भूमीत झालेला नाही. पाच कोटी एकरांचा संकल्प होता. हाती आले ते त्याच्या दशांशाच्या आसपास, आणि त्यातीलही बरीचशी जमीन खडकाळ किंवा तंट्याची निघाली. संताच्या पायांना जे साधले नाही, ते धनिकांच्या औदार्यावर सोपवावयाचे काय?

दुसरे काही म्हणतात की बायकांना दरमहा दीड-दोन हजार रुपये मिळू लागलेच आहेत, आणखी काय हवे? आणि तिसरे त्याच पैशाला रेवडी म्हणून नाक मुरडतात. आम्ही दोघांनाही विरोध करतो. घरच्या बाईच्या हाती पडलेले दीड हजार रुपये ही रेवडी नव्हे. तिच्या फुकट राबणुकीचा तो अत्यल्प अंशही नाही. सरकारने संसदेत दिलेल्या माहितीप्रमाणे २०१४-१५ पासूनच्या दहा वर्षांत बँकांनी १६ लाख कोटींहून अधिक थकीत कर्जे निर्लेखित केली आणि त्यांतील निम्म्याहून अधिक बड्या उद्योगांची व सेवाव्यवसायांची होती. निर्लेखित म्हणजे माफ नव्हे, वसुली चालू असते, असे सांगतात. ते तांत्रिकदृष्ट्या खरेही आहे. मग हेच मृदू शब्द शेतकऱ्याच्या थकबाकीसाठी का सुचत नाहीत? त्याला मात्र जप्ती! परंतु त्याचबरोबर हेही ध्यानात घ्या की, महिन्याचे दीड-दोन हजार देऊन मजुरी, भाव, शाळा आणि दवाखाना यांचा हिशेब चुकता झाला असे जो मानतो, तो घराची राखण विकून दाराला तोरण बांधतो आहे. २०१७ साली केंद्राने किमान मजुरीचा देशव्यापी तळ दिवसाला १७६ रुपये ठरविला. २०१९ साली सरकारच्याच तज्ज्ञ समितीने तो ३७५ असावा असे सांगितले, तरी पुढे कित्येक वर्षे तो १७६ वरच राहिला. कामाची रास्त मजुरी न देता ओवाळणी देणारा भाऊ हा भाऊ नव्हे, हिशेबी सावकार होय.

हे सारे आमचे स्वप्नरंजन नाही; राज्यघटनेचे शासन आहे. संपत्ती मूठभरांच्या हाती साचू नये आणि समाजाची साधने सर्वांच्या हिताकरिता वाटली जावीत, असे ३९ वे कलम सांगते. मिळकतीतील विषमता कमी करावी, असे ३८ वे कलम १९७८ च्या दुरुस्तीपासून स्पष्ट शब्दांत सांगते. ५ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने, प्रत्येक खाजगी मालमत्ता ही समाजाचे साधन ठरत नाही, असा बहुमताने निकाल दिला तेव्हा वाटणीचा प्रश्न कायमचा मिटला, असे काहींनी जाहीर करून टाकले. त्यांनी निकाल वाचलेला नाही. साधनाचे स्वरूप काय, ते दुर्मीळ आहे काय, ते थोड्यांच्या हाती एकवटल्याने समाजावर काय परिणाम होतो, हे पाहून काही खाजगी साधनेही या कलमाखाली येऊ शकतात, असेच न्यायालय म्हणाले. आणि कर बसविण्याच्या अधिकाराला तर त्याने हातही लावलेला नाही. डॉ. आंबेडकरांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीला बजावले होते की, राजकारणात समता आणि आर्थिक-सामाजिक जीवनात विषमता, ही विसंगती आपण फार काळ चालू ठेवली तर राजकीय लोकशाहीची ही इमारतच धोक्यात येईल. तो इशारा देऊन पाऊणशे वर्षे झाली आणि विसंगती घटण्याऐवजी वाढली.

म्हणून आमच्या मागण्या मोजक्या आणि स्पष्ट आहेत. दहा कोटींवरील मालमत्तेवर वार्षिक कर आणि तेवढ्याच मोठ्या वारशावर वारसा कर पुन्हा बसवावा. शेअरांना त्यातून सूट नसावी आणि सामान्य माणसाचे घर, शेत व दागिने यांना हात लागू नये. देशातील दौलतीची अधिकृत मोजदाद करून ती प्रसिद्ध करावी. त्या उत्पन्नाचा विनियोग शाळा, दवाखाने आणि कष्टकऱ्यांची पेन्शन यांकडेच व्हावा. उसाचे चौदा दिवसांचे बंधन मोडणाऱ्या कारखान्याकडून व्याजासह वसुली व्हावी आणि कोयत्याची नोंद मजूर म्हणून व्हावी. विडी कामगारांचा कल्याण निधी हक्काच्या पैशावर पुन्हा उभा राहावा.

या मागण्या दिल्लीला आणि बेंगळुरूला पाठवून स्वस्थ बसल्याने काही होणार नाही. पुढील निवडणुकीत जो उमेदवार आपल्या गल्लीत येईल, मग तो कोणत्याही झेंड्याचा आणि कोणत्याही भाषेचा असो, त्याला प्रत्येक गल्लीने तीनच प्रश्न विचारावेत. कारखान्याने थकविलेल्या उसाच्या पैशावरील व्याजाविषयी तुम्ही कोणत्या सभागृहात तोंड उघडले? विडी वळणारीच्या निधीचे काय केले? आणि बड्या वारशावर कर बसविण्याचा ठराव आला, तर तुमचा हात वर जाईल की खिशाकडे? ज्याला उत्तर देता येणार नाही, त्याला आपल्या मताची वाटणी देऊ नका. दौलतीत नसली तरी मताच्या पेटीपुरती आपली वाटणी अजून सारखी आहे. तिच्या बळावर उरलेली वाटणी मिळवावयाची आहे.